कवठाचा भाव आणि यावत्तावत् : रोजच्या हिशेबातून समीकरणाकडे

(सुवर्णमहोत्सवी व्याख्यानाचा मजकूर)



सुवर्णमहोत्सवासारख्या मंगल प्रसंगी धर्म, दान, तीर्थ आणि त्याग यांविषयी पुष्कळ बोलले जाते आणि ते उचितच आहे. आजचा विषय त्या मानाने रुक्ष भासेल. विषय आहे समीकरण. तेही अगदी साधे, एका किंवा फार तर दोन अक्षरांचे, शाळेच्या पुस्तकातले. परंतु या विषयाच्या जुन्या वाटेवर एक थोर जैन ग्रंथकार भेटतो आणि त्याच्या हातात चक्क कवठ आहे. ज्या गावाच्या नावाच्या उच्चारातच हे फळ डोळ्यांपुढे येते, त्या गावात ही कथा सांगण्यास वेगळे निमित्त नको.

राष्ट्रकूट सम्राट अमोघवर्ष नृपतुंग याने इ. स. ८१४ ते ८७८ या काळात राज्य केले. त्याची राजधानी मान्यखेट, म्हणजे आजच्या कलबुर्गी जिल्ह्यातील मळखेड. कृष्णेच्या खोऱ्यातील हा आपला प्रदेशही त्या काळी राष्ट्रकूटांच्याच सत्तेखाली होता. त्याच राजवटीत, सुमारे इ. स. ८५० मध्ये, महावीराचार्यांनी ‘गणितसारसंग्रह’ हा संस्कृत श्लोकबद्ध ग्रंथ रचला. त्यांच्यापूर्वी आर्यभट व ब्रह्मगुप्त यांनी गणित लिहिले, पण ज्योतिषग्रंथाचा एक भाग म्हणून. महावीराचार्यांनी मात्र ज्योतिष बाजूला ठेवून केवळ गणितावर स्वतंत्र ग्रंथ लिहिला. आरंभी जिनेंद्र महावीरांना वंदन करून ते सांगतात, की लौकिक असो वा धार्मिक, जेथे जेथे व्यवहार आहे तेथे तेथे गणिताचा उपयोग आहे. मद्रास येथे १९१२ साली एम. रंगाचार्य यांनी हा ग्रंथ इंग्रजी भाषांतरासह प्रसिद्ध केला, तेव्हा जगाचे लक्ष त्याकडे गेले. पुढे १९६३ साली प्रा. लक्ष्मीचंद्र जैन यांनी केलेली हिंदी अनुवादासहची आवृत्ती आपल्या सोलापूरच्या जैन संस्कृति संरक्षक संघाने जीवराज जैन ग्रंथमालेत प्रकाशित केली. म्हणजे हा ग्रंथ आपल्या दारापर्यंत येऊन पोहोचलेला आहे. तो उघडणारे हात तेवढे थोडे आहेत.

या ग्रंथाच्या मिश्रकव्यवहार नावाच्या प्रकरणात बाजारातील एक उदाहरण आहे. नऊ महाळुंगे आणि सात कवठे यांची मिळून किंमत १०७ होते. सात महाळुंगे आणि नऊ कवठे घेतली तर १०१ होते. तर एका महाळुंगाची किंमत किती आणि एका कवठाची किती?

आजच्या नववी-दहावीच्या विद्यार्थ्याला हे ‘दोन चलांतील रेषीय समीकरणे’ या प्रकरणातील उदाहरण वाटेल, आणि ते तसेच आहे. महाळुंगाची किंमत क्ष आणि कवठाची किंमत य मानली, तर पहिल्या वाक्याचे ९क्ष + ७य = १०७ असे समीकरण होते आणि दुसऱ्याचे ७क्ष + ९य = १०१. महावीराचार्यांनी दिलेली रीत थोडक्यात अशी : मोठ्या किमतीला मोठ्या संख्येने गुणावे, त्यातून लहान किंमत व लहान संख्या यांचा गुणाकार वजा करावा आणि दोन्ही संख्यांच्या वर्गांच्या फरकाने भागावे. म्हणजे १०७ गुणिले ९ बरोबर ९६३, १०१ गुणिले ७ बरोबर ७०७, फरक २५६. नवाचा वर्ग ८१, साताचा ४९, फरक ३२. आता २५६ भागिले ३२ बरोबर ८. हे महाळुंग झाले. कवठासाठी गुणाकार उलट करावयाचे : ९०९ वजा ७४९ बरोबर १६०, भागिले ३२ बरोबर ५. महाळुंग आठाला, कवठ पाचाला.

परंतु भाजीबाजारात बसणारी एखादी आजी हे अक्षरांशिवायही सांगू शकेल. दोन्ही टोपल्या एकत्र केल्या तर सोळा महाळुंगे व सोळा कवठे झाली आणि किंमत २०८. म्हणजे एक महाळुंग व एक कवठ अशी जोडी १३ ला पडली. आता दोन टोपल्यांत फरक काय? पहिल्या टोपलीत दोन महाळुंगे जास्त आणि दोन कवठे कमी, एवढ्यानेच ती ६ ने महाग. म्हणजे एक महाळुंग कवठापेक्षा ३ ने महाग. तेरामध्ये तीनाचा फरक : आठ आणि पाच. दोन्ही वाटा एकाच ठिकाणी पोहोचतात. शाळेतील समीकरण ही आजीच्या मनातील याच वाटेची लेखी नोंद आहे. ती ओळख विद्यार्थ्याला कोणी करून देत नाही, आणि म्हणून दोन्ही गोष्टी त्याला परक्या राहतात.

शिक्षकांचा एक सर्वसाधारण अनुभव आहे. फळ्यावर ४क्ष + ५ = २५ असे लिहून दिले तर वर्गातील बहुतेक मुले क्षची किंमत ५ काढतात. पण तेच ‘चार वह्या आणि पाच रुपयांचे एक पेन मिळून पंचवीस रुपये झाले, तर वहीची किंमत किती?’ असे शब्दांत विचारले, की पेने थांबतात. परीक्षेत शाब्दिक उदाहरणे सोडून देणारी मुले गणितात कच्ची असतातच असे नाही. सोडवण्याची क्रिया त्यांना येते. लिहिण्याची येत नाही. खरे कष्ट पहिल्या ओळीला लागतात, पुढच्या चार ओळी सवयीने होतात. आणि परीक्षेची तयारी मात्र त्या पुढच्या चार ओळींचीच करून घेतली जाते.

पहिली ओळ कशी लिहावी? यासाठी घराच्या आणि मंदिराच्या अंगणातलीच उदाहरणे घ्यावीत. समजा, पंचकल्याणक पूजेत दोन कुटुंबांनी मिळून एक सवाल घेतला. रक्कम २१,००० रुपये. पहिल्या कुटुंबाने दुसऱ्यापेक्षा ३,००० रुपये अधिक द्यावयाचे ठरले. कोणी किती द्यावे? तोंडी हिशेबात पुष्कळजण २१,००० चे निम्मे करतात, १०,५०० येतात. एकाकडे तीन हजार वाढवतात, दुसऱ्याकडून तीन हजार कमी करतात. उत्तर येते १३,५०० आणि ७,५००. बेरीज बरोबर जुळते, म्हणून कोणाला संशयही येत नाही. पण फरक पाहावा : तो सहा हजारांचा झाला. दुसऱ्या कुटुंबाची रक्कम क्ष मानली असती तर पहिल्याची क्ष + ३,००० झाली असती, दोन्ही मिळून २क्ष + ३,००० = २१,०००, म्हणून २क्ष = १८,००० आणि क्ष = ९,०००. एकाने नऊ हजार, दुसऱ्याने बारा हजार. तोंडी हिशेबाने पहिल्या कुटुंबाकडून दीड हजार रुपये जास्त घेतले असते. तेही कोणाच्या मनात काही नसताना.

दुसरे उदाहरण दानपेटीचे. पेटी उघडली, त्यात दहाच्या आणि वीसच्या मिळून ८५ नोटा निघाल्या व एकूण रक्कम १,२५० रुपये झाली. दहाच्या किती, वीसच्या किती? येथे मुलांची ठरलेली चूक होते. दहाच्या नोटा क्ष, वीसच्या य, आणि लगेच क्ष + य = १,२५०. नोटांची संख्या आणि रुपयांची संख्या यांची सरमिसळ झाली. क्ष म्हणजे ‘दहाच्या नोटा’ असे मोघम लिहिले की ही चूक होतेच. ‘क्ष म्हणजे दहाच्या नोटांची संख्या’ असे पूर्ण वाक्य लिहिले तर मन आपोआप थांबते. दहाच्या नोटा क्ष, तर वीसच्या ८५ – क्ष. रुपये मोजायचे तर १०क्ष + २०(८५ – क्ष) = १,२५०. म्हणजे १,७०० – १०क्ष = १,२५०, आणि क्ष = ४५. दहाच्या पंचेचाळीस नोटांचे ४५० व वीसच्या चाळीस नोटांचे ८००, मिळून १,२५०. ताळा जमला.

(अशा प्रकारची जुनी उदाहरणे पंचवीस पैशांच्या नाण्यांवर असत. ती नाणी ३० जून २०११ पासून चलनातून गेली. ज्या मुलाने चार आण्याचे नाणे कधी पाहिलेच नाही, त्याला ‘क्ष नाणी पंचवीस पैशांची’ हे वाक्य समजावण्यात अर्धा तास घालवण्यापेक्षा दानपेटीच्या नोटा बऱ्या.)

आणखी एक चूक फार फसवी आहे. ‘थोरल्या भावाकडे धाकट्याच्या सहापट पैसे आहेत’ हे वाक्य घ्यावे. थोरल्याचे थ, धाकट्याचे ध. पुष्कळ मुले ६थ = ध असे लिहितात, कारण वाक्यात आधी थोरला आला, मग सहापट आले. लिहावयास हवे ते थ = ६ध; कारण धाकट्याची रक्कम कमी, तिला सहाने गुणले तर थोरल्याची होते. या चुकीबद्दल आपल्या मुलांना लाजवण्याचे कारण नाही. अमेरिकेतील एका विद्यापीठात अभियांत्रिकीच्या विद्यार्थ्यांना ‘प्राध्यापकांच्या सहापट विद्यार्थी आहेत’ हे वाक्य समीकरणात लिहावयास सांगितले, तेव्हा त्यांतील एक तृतीयांशाहून अधिक चुकले. हा अभ्यास १९८१ साली प्रसिद्ध झाला. मोठ्या विद्यापीठात जी ठेच लागते ती कवठे महांकाळच्या शाळेत लागली तर आश्चर्य कसले? उपाय एकच, आणि तो आपल्या वाडवडिलांना माहीत होता : ताळा पाहावा. धाकट्याकडे १० रुपये धरावेत, थोरल्याकडे ६० असायला हवेत; मग लिहिलेल्या समीकरणात हे आकडे घालून पाहावेत. साठाला सहाने गुणून दहा होत नाहीत, एवढे कोणालाही दिसते.

अज्ञात राशीला नाव देण्याची कल्पना आपल्याकडे फार जुनी आहे. श्वेतांबर परंपरेतील स्थानांगसूत्रात गणिताचे दहा विषय सांगितले आहेत. परिकर्म, व्यवहार, रज्जू, राशी, कलासवर्ण यांच्याबरोबर त्यांत यावत्तावत् हेही एक नाव आहे. तेथे त्याचा नेमका अर्थ काय याविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. काही जण त्याचा संबंध साध्या समीकरणांशी लावतात. पुढच्या बीजगणितात मात्र यावत्तावत् हे अज्ञात राशीचे रूढ नावच झाले. ‘जेवढे असेल तेवढे’ असा त्याचा सरळ अर्थ. आजचा विद्यार्थी ‘क्ष मानू’ म्हणतो तेव्हा तो हेच म्हणत असतो : किंमत जेवढी असेल तेवढी असो, तूर्त तिला एक नाव देऊ आणि ती माहीत असल्यासारखे तिच्याशी वागू. यात धीटपणा लागतो. जे माहीत नाही ते सापडेपर्यंत हिशेब सुरूच करायचा नाही, अशी आपली एरवीची सवय असते.

महाराष्ट्राचे भास्कराचार्य, ज्यांच्या ग्रंथांच्या अध्यापनासाठी त्यांचा नातू चांगदेव याने मठ स्थापल्याचा शिलालेख चाळीसगावजवळ पाटण येथे आहे, त्यांनी बाराव्या शतकातील आपल्या ‘बीजगणित’ ग्रंथात याच धीटपणाचे सुरेख उदाहरण दिले. एकाजवळ सहा घोडे आणि तीनशे रुपये आहेत. दुसऱ्याजवळ तशाच किमतीचे दहा घोडे आहेत, पण त्याच्यावर शंभर रुपयांचे ऋण आहे. दोघेही सारखेच श्रीमंत आहेत. तर घोड्याची किंमत काय? भास्कराचार्य ‘या’ हे यावत्तावत्चे आद्याक्षर आणि ‘रू’ हे रूपाचे, म्हणजे ज्ञात संख्येचे, आद्याक्षर घेऊन दोन ओळी एकाखाली एक मांडतात. वर ‘या ६ रू ३००’, खाली ‘या १० रू १००’, आणि या शंभरावर ऋण दाखवणारा एक बिंदू. आजच्या लिपीत हे ६क्ष + ३०० = १०क्ष – १०० असे होईल. दुसऱ्याजवळ चार घोडे जास्त आहेत. पहिल्याजवळ तीनशे रोख आहेत व दुसऱ्यावर शंभराचे कर्ज, म्हणजे रोखीत चारशेचा फरक. चार घोडे चारशेला, एक घोडा शंभराला. दोघांची संपत्ती प्रत्येकी नऊशे. ‘बरोबर’चे दोन समांतर रेषांचे चिन्ह इंग्लंडमध्ये रॉबर्ट रेकॉर्ड याने १५५७ साली छापले, दोन समांतर रेषांहून अधिक सारख्या दोन वस्तू असू शकत नाहीत, असे त्याचे म्हणणे होते. भास्कराचार्यांना चिन्हाची गरज पडली नाही. वरची ओळ आणि खालची ओळ सारखी, एवढे पुरेसे होते. आणि कर्ज ही वजा बाजूने लिहावयाची संपत्ती आहे, हे त्या बिंदूने किती सहज सांगितले! आपल्या पेढीवरील जमा आणि नावे यांची शिस्त त्याच कुळातील आहे.

महावीराचार्यांकडे पुन्हा वळावे, कारण त्यांचे एक उदाहरण विसरण्याजोगे नाही. तीन व्यापाऱ्यांना वाटेत पैशांची थैली दिसते. पहिला म्हणतो, ही थैली मला मिळाली तर तुम्हा दोघांच्या एकूण धनाच्या दुप्पट माझे धन होईल. दुसरा म्हणतो, मला मिळाली तर तुम्हा दोघांच्या तिप्पट. तिसरा म्हणतो, मला मिळाली तर पाचपट. थैलीत किती आणि प्रत्येकाजवळ किती? उत्तर असे : थैलीत १५, आणि तिघांजवळ अनुक्रमे १, ३ व ५. ताळा पाहावा : १५ + १ = १६, आणि ३ व ५ मिळून ८ ची दुप्पट १६. १५ + ३ = १८, आणि १ व ५ मिळून ६ ची तिप्पट १८. १५ + ५ = २०, आणि १ व ३ मिळून ४ ची पाचपट २०. येथे अज्ञात चार आहेत आणि वाक्ये तीनच. म्हणून उत्तर एकच येत नाही. थैलीत ३० आणि तिघांजवळ २, ६, १० असे म्हटले तरी तिन्ही वाक्ये खरी ठरतात. अपुऱ्या माहितीतून प्रमाण कळते, रक्कम कळत नाही. हा धडा व्यवहारातही उपयोगी आहे. जाता जाता एक गोष्ट मनात येते. ती थैली कोणाची, हा प्रश्न तिघांपैकी एकानेही विचारला नाही! गणितात तिघेही उत्तीर्ण, अचौर्याणुव्रतात तिघेही अनुत्तीर्ण.

ज्येष्ठांना जुना हिशेब आठवत असेल. १ एप्रिल १९५७ रोजी दशमान नाणी आली. तत्पूर्वी रुपयाचे सोळा आणे, आण्याचे चार पैसे वा बारा पै. मणाचे चाळीस शेर. त्या काळी दुकानात बसणाऱ्या मुलाला एक तोंडी किल्ली शिकवली जात असे : जितके रुपये मण, तितके आणे अडीच शेर. सात रुपये मणाचा गूळ असेल, तर अडीच शेर सात आण्याला. मणाचा सोळावा भाग अडीच शेर आणि रुपयाचा सोळावा भाग आणा, म्हणून ही किल्ली कोणत्याही भावाला चालते. ‘जितके… तितके’ हेच यावत्तावत्. पाठशाळेचे तोंड न पाहिलेला मुनीम नकळत बीजगणित बोलत होता. दशमान नाणी व किलो आल्याने हिशेब सोपा झाला, ही आनंदाची गोष्ट. पण त्याबरोबर भाव आणि माप यांचे नाते वाक्यात बांधण्याची ती सवयही गेली, आणि तिची जागा यंत्राच्या बटणांनी घेतली.

आता या तालुक्याच्या पोटापाण्याचा प्रश्न. कवठे महांकाळ हा अवर्षणाचा तालुका. म्हैसाळ योजनेचे पाणी आले, द्राक्षबागा वाढल्या, आणि तासगाव, मिरज, जत यांच्याबरोबर येथेही बेदाणा होऊ लागला. दर हंगामात बागाईतदारापुढे एकच प्रश्न असतो : द्राक्षे पेटीने विकावीत की शेडवर टाकून बेदाणा करावा? पेटी चार किलोची. साधारण चार किलो द्राक्षांपासून एक किलो बेदाणा होतो, म्हणजे एका पेटीचा एक किलो. समजा, बेदाण्याचा अपेक्षित भाव किलोला १८० रुपये आहे आणि डिपिंग ऑइल, शेड, मजुरी, प्रतवारी, वाहतूक असा सारा खर्च किलोमागे ४० रुपये पडतो. पेटीचा भाव क्ष धरला, तर ज्या भावाला दोन्ही वाटा सारख्या होतात तो भाव क्ष = १८० – ४०, म्हणजे १४० रुपये. व्यापारी पेटीला १४० पेक्षा जास्त देत असेल तर द्राक्षे विकावीत, कमी देत असेल तर शेड गाठावी. (आकडे समजुतीसाठी घेतले आहेत, प्रत्येकाने आपले घालावेत.)

पण समजा, मण्यांत साखर कमी भरली आणि एक किलो बेदाण्यास चार नव्हे, पाच किलो द्राक्षे लागली. आता एका पेटीचा ०.८ किलो बेदाणा होणार. क्ष = ०.८ × (१८० – ४०) = ११२. समान भाव पेटीमागे २८ रुपयांनी खाली आला. हजार पेट्यांचा बाग असेल तर हा फरक २८,००० रुपयांचा आहे. व्यापारी १२५ देत असताना पहिला शेतकरी शेडवर जाईल ते योग्य. दुसरा शेजाऱ्याचे पाहून शेडवर गेला तर पेटीमागे १३ रुपयांचे नुकसान करून घेईल. आणि व्यापाऱ्याने १४० देऊ केले असताना पहिल्याने बेदाणा करून शीतगृहात ठेवला, भाडे व अडकलेल्या पैशांचे व्याज किलोमागे १२ रुपये आले, तर त्याला पुढे निदान किती भाव मिळायला हवा? य – ४० – १२ = १४०, म्हणजे य = १९२. बेदाणा १८५ ला गेला तर ‘भाव वाढून मिळाला’ असे समाधान वाटेल, पण हिशेब तोट्याचा असेल. अवकाळी पाऊस कोणत्याही समीकरणात बसत नाही, हे खरे. तरी जेवढे बसते तेवढे कागदावर घेतल्याशिवाय शेड भाड्याने धरू नये.

शेवटची गोष्ट कर्जाच्या कागदाची. बाग असो, लग्नकार्य असो वा दवाखाना, अडचणीच्या वेळी माणूस कागदावर सही करतो आणि बोलले जाते ते एवढेच : ‘शेकडा दोन.’ समजा, दहा हजार रुपये सहा महिन्यांसाठी घेतले, दरमहा शेकडा दोन. व्याज १,२०० झाले. ते व्याज आरंभीच कापून घेतले आणि हाती ८,८०० पडले. सहा महिन्यांनी मात्र पूर्ण १०,००० परत करावयाचे. बोललेला दर शेकडा दोन. खरा दर किती? वापरायला मिळाले ८,८००, त्यांवर सहा महिन्यांत भरले १,२००. दर र मानला तर ८,८०० × ६ × र ÷ १०० = १,२००. म्हणजे ५२८र = १,२००, आणि र सुमारे २.२७. दोन नव्हे, सव्वादोनाहून थोडे अधिक.

हप्त्यांच्या कर्जात हे अंतर आणखी वाढते. बारा हजारांचे कर्ज, मुदत बारा महिने, वर्षाला शेकडा बारा. व्याज १,४४०, ते मुद्दलात मिळवून दरमहा १,१२० रुपयांचा हप्ता. ऐकायला स्वच्छ. परंतु दर महिन्याला हजार रुपये मुद्दल परत जात असते. पहिल्या महिन्यात बारा हजार वापरात, दुसऱ्यात अकरा, असे उतरत शेवटच्या महिन्यात एक हजार. बारा महिन्यांची सरासरी काढली तर ६,५०० रुपये. वर्षभर सरासरीने ६,५०० वापरले आणि १,४४० व्याज दिले. ६,५०० × र ÷ १०० = १,४४०; र येतो बावीसच्या आसपास. बारा ऐकून बावीस भरले. यात बेकायदा काही असेलच असे नाही; महाराष्ट्रात सावकारी व्यवहारासाठी २०१४ चा नियमन अधिनियम आहे, आणि कर्ज घेण्यापूर्वी देणाऱ्याचा परवाना पाहणे हा शहाणपणा आहे. पण कायदा कागद तपासतो तो तक्रार झाल्यावर. घरातील आठवीची मुलगी तो सहीपूर्वी तपासू शकते. तत्त्वार्थसूत्रात अचौर्य व्रताच्या अतिचारांत हीनाधिकमानोन्मान सांगितले आहे : देताना कमी आणि घेताना अधिक माप वापरणे. मापातला हा दोष तराजूने पकडता येतो, कागदातला पकडण्यास समीकरण लागते. महावीराचार्यांच्या मिश्रकव्यवहारात मुद्दल व व्याज एकत्र देऊन त्यांतून दोन्ही वेगळी काढण्याची कितीतरी उदाहरणे आहेत. मुद्दल व व्याज यांची गाठ कशी सोडवावी, याची चिंता त्या काळीही होती.

उपस्थित विद्यार्थ्यांसाठी एक उदाहरण ठेवले आहे. घरी आई-वडिलांच्या शेजारी बसून सोडवावे. एका कुटुंबाला आठ महिन्यांसाठी पैसे हवे आहेत. देणारा दरमहा शेकडा अडीच व्याज सांगतो आणि आठही महिन्यांचे व्याज आधीच कापून घेतो. कुटुंबाला हातात पूर्ण पन्नास हजार रुपये पडायला हवेत. तर कागदावर किती रक्कम लिहिली जाईल, आणि खरा दर शेकडा किती पडेल? वहीची पहिली ओळ अशी असावी : क्ष म्हणजे कागदावर लिहिलेली रक्कम, रुपयांत.